‘सही करू का?’ : आरोग्यमंत्र्यांना एका परिचारिकेचे खुले पत्र

मा. मंत्री महोदय,
सार्वजनिक आरोग्य व कुटुंब कल्याण विभाग,
महाराष्ट्र राज्य, मुंबई.

स. न. वि. वि.

साहेब, मी नर्स आहे. एएनएमचा कोर्स करून २००२ साली पुण्यात पेठेतल्या एका खासगी प्रसूतिगृहात लागले आणि २०१८च्या दिवाळीत तिथलं काम सोडलं. आता धनकवडीत घरोघरी जाऊन इंजेक्शन, ड्रेसिंग, म्हाताऱ्या माणसांचं बघते. आमच्या त्या प्रसूतिगृहात बाळंतपणं व्हायची आणि गर्भपातही व्हायचे. चोरून काही नव्हतं. केंद्र मान्यताप्राप्त होतं, प्रमाणपत्र काउंटरच्या मागे फ्रेम करून लावलेलं होतं. सोळा वर्षांत त्या टेबलाशी उभी राहून मी किती बायकांचा हात धरला ते मोजलं नाही. बाळंतपणं मात्र मोजलेली आहेत, एका वहीत लिहून ठेवलेली आहेत. या फरकाचाच विचार करत मी हे पत्र लिहायला बसले.

आमच्याकडे ‘गर्भपात’ हा शब्द कागदावर असायचा, तोंडात नाही. बायका म्हणायच्या ‘मोकळं व्हायचंय’, ‘खाली करायचंय’. आम्ही म्हणायचो ‘पिशवी साफ करायची’. रिसेप्शनला ‘एमटीपी’. आणि जे निघायचं त्याला ‘पीओसी’. ऑपरेशन थिएटर, म्हणजे ओटी, आणि लेबर रूम यांच्यामध्ये एकच भिंत. भिंतीच्या अलीकडे मी सातव्या महिन्यातल्या बाईच्या पोटावर ठोके ऐकायचं डॉप्लर ठेवायचे आणि म्हणायचे, “ऐका, बाळ कसं धावतंय बघा.” हात धुऊन पलीकडे गेले की म्हणायचे, “काही नाही हो ताई, नुसता गोळा असतो. डोळे मिटा, पाच मिनिटांचं काम.” दोन्ही वाक्यं मी मनापासूनच बोलायचे. अलीकडच्या खोलीतून मुलगा झाला की पेढे यायचे, मुलगी झाली की बर्फी, आणि ती आम्ही पलीकडच्या ओटीच्या दारात उभं राहून खायचो.

सक्शन झालं की बरणीतलं चाळणीत ओतून नळाखाली धरायचं आणि मग काचेच्या बशीत पाणी घेऊन दिव्यासमोर बघायचं, हे काम माझं. ते नीट करावंच लागतं. आत काही राहिलं तर बाईला ताप भरतो, रक्त थांबत नाही. सहा-सात आठवड्यांचं असलं तर पाण्यात पांढरे धागे पसरतात, भिजलेल्या कापसासारखे. दहा-अकरा आठवडे उलटले की नुसता कापूस दिसत नाही. त्यापुढचं मी इथे लिहीत नाही, आपल्या खात्यातल्या कुठल्याही स्त्रीरोगतज्ज्ञाला विचारा, ते सांगतील. मी बघायचे, “कम्प्लीट आहे मॅडम” म्हणायचे आणि पिवळ्या पिशवीत टाकायचे. मला दिसत नव्हतं असं मी म्हणणार नाही. दिसत होतं. नाव दुसरं ठेवलं होतं, म्हणून चालून जात होतं.

माझं मन एका दिवसात बदललं नाही. पण कुठून बदलायला लागलं ते मला नेमकं माहीत आहे.

२०१६चा पावसाळा. सासवडच्या पलीकडच्या एका गावातून सासू सुनेला घेऊन आली. सून पंचविशीतली, दोन मुली घरी. चौदा आठवडे झालेले. बाहेर कुठेतरी सोनोग्राफी झाली होती, पण तिचा कागद कुणी दाखवला नाही आणि आम्हीही मागितला नाही. बारा आठवड्यांच्या पुढे तेव्हा दोन डॉक्टरांचं मत लागायचं. दुसऱ्या डॉक्टरांची सही आली तेव्हा त्यांनी पेशंटचं तोंडही पाहिलेलं नव्हतं. कारणाच्या रकान्यात मी माझ्या हाताने लिहिलं, ‘गर्भनिरोधक साधन निकामी ठरले’. कोणतं साधन, हे मी तिला विचारलं नाही. त्या घरात कुठलंही साधन नव्हतं हे मला तिच्याकडे बघूनच कळत होतं.

फॉर्म सी, म्हणजे संमतीचा कागद, तिच्यापुढे ठेवला. तिने पेन हातात घेतलं आणि मान वळवून सासूला विचारलं, “सही करू का?”

साहेब, कायदा सांगतो की सज्ञान बाईच्या गर्भपाताला संमती फक्त तिची लागते. नवऱ्याचीसुद्धा लागत नाही. हे मला पाठ होतं, परीक्षेला आलं होतं. आणि ती बाई माझ्यासमोर दुसऱ्याची परवानगी मागत होती. मी काय केलं? मी म्हणाले, “करा, करा, मॅडम थांबल्यात.”

संध्याकाळी तिचं बीपी घ्यायला गेले. ती भिंतीकडे तोंड करून पडली होती. सासू खाली चहाला गेली होती. पट्टा बांधताना ती माझ्याकडे न बघताच बोलली, “मला वाटलं, तुम्ही तरी विचाराल.”

एवढंच. रडली नाही, चिडली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी हातात औषधांची पिशवी घेऊन गेली. त्यानंतर मी जेव्हा जेव्हा तो फॉर्म कुणापुढे सरकवला तेव्हा ते वाक्य माझ्या कानात असायचं. आणि कान उघडे ठेवल्यावर मला जे ऐकू यायला लागलं ते आधी चौदा वर्षं कुठे होतं, देव जाणे. हॉस्टेलवरची मुलगी आणि तिला घेऊन आलेला मुलगा. सगळे प्रश्न मी तिला विचारायचे आणि उत्तरं तो द्यायचा. आयटीतली बाई, जिचा नवरा म्हणत होता की फ्लॅटचा हप्ता आत्ताच सुरू झालाय. घरकाम करणारी एक मावशी, चौथ्या वेळी आलेली, तिला कॉपर-टी सरकारी दवाखान्यात फुकट बसवून मिळते हे कुणी सांगितलंच नव्हतं. चौथ्या वेळी, साहेब! आधीच्या तीन वेळांतली एक आमच्याकडेच झालेली.

सगळ्याच तशा नव्हत्या, हेही सांगितलं पाहिजे. काही बाया स्वतः ठरवून, एकट्या, सरळ मानेने आल्या आणि तशाच गेल्या. त्यांच्या जागी मी असते तर काय केलं असतं ते मी त्यांना सांगायला जात नाही.

पण मला आज काय वाटतं ते मी लपवणार नाही. मला वाटतं तो जीव असतो. सात आठवड्यांचा असला तरी असतो. मी पुन्हा कधी त्या टेबलाशी उभी राहणार नाही. माझ्या मुलीवर तशी वेळ आली तर मी तिला म्हणेन, बाळ ठेव, मी सांभाळते, आणि तुला सांभाळायचं नसेल तर दुसरं कुणी सांभाळेल, पण ठेव. हे वाचून माझ्या जुन्या सोबतिणी माझ्यावर रागावतील. काही जणी म्हणतील, पगार घेत होतीस तेव्हा कुठे गेलं होतं हे शहाणपण? त्यांचं बरोबर आहे.

तरीसुद्धा कायदा बंद करा असं मागायला मी आलेले नाही. माझ्या आजीची धाकटी बहीण, पुरंदरातल्या खेड्यात, गर्भ पाडायला काडी घालून घेऊन आठव्या दिवशी धनुर्वाताने गेली. दातखीळ बसलेली, शरीर धनुष्यासारखं वाकलेलं. आजी ते सांगायची तेव्हा दरवेळी हाताने वाकवून दाखवायची. ते कायदा यायच्या आधीचं. अशा मरणांमुळेच १९६४ साली केंद्र सरकारने समिती नेमली आणि तिचे अध्यक्ष होते शांतिलाल शहा, आपल्या महाराष्ट्राचे तेव्हाचे आरोग्यमंत्री. म्हणजे आज आपण ज्या पदावर आहात त्याच पदावरचा माणूस. त्यांच्या अहवालातून १९७१चा कायदा आला. बंदी घातली की बाया थांबत नाहीत, काडी शोधतात. आजही मेडिकलमधून चिठ्ठीशिवाय गोळ्या आणून घरी घेतात आणि रक्ताच्या थारोळ्यात रिक्षातून सरकारी ससून हॉस्पिटलला येतात. अशी एक मुलगी मी स्वतः पोचवलेली आहे, हिमोग्लोबिन चारवर आलेलं. कुणी मरावं यासाठी माझं मन बदललेलं नाही.

२०१७ साली सांगली जिल्ह्यात म्हैसाळला एका बाईचा गर्भपात करताना जीव गेला आणि मग मार्चमध्ये पोलिसांनी तपास केला तेव्हा जमिनीत पुरलेले १९ भ्रूण सापडले. आमच्या स्टाफ रूममध्ये दोन दिवस तोच विषय. “राक्षस आहेत”, “फाशी द्या”. मीही म्हणत होते. म्हणता म्हणता मला तो रकाना आठवला, ‘साधन निकामी ठरले’, माझ्या अक्षरातला. आमच्याकडे काही पुरलेलं नव्हतं. आमच्याकडे सगळं रजिस्टरला होतं, अनुक्रमांक घालून.

लिंगनिदानाविरुद्ध देशातला पहिला कायदा महाराष्ट्राने १९८८ साली केला. अभिमान वाटावा अशीच गोष्ट आहे. केंद्राचा कायदा त्यानंतर १९९४ला आला. आणि या काळात आपल्या राज्यात सहा वर्षांच्या आतल्या दर हजार मुलांमागे मुली किती उरल्या? १९९१ला ९४६, २००१ला ९१३, २०११ला ८९४. बीडमध्ये तर ८०७. आमच्याही भिंतीवर ‘येथे गर्भलिंग निदान केले जात नाही’ ही पाटी होती आणि ते खरंही होतं, आमच्याकडे केलं जात नव्हतं. दुसरीकडे करून यायचे. सोनोग्राफीवाल्याकडे आपला अधिकारी फॉर्म एफ, म्हणजे गरोदर बाईच्या सोनोग्राफीची नोंद, तपासायला येतो, तसाच आमचं रजिस्टर बघायलाही यायचा. सह्या आहेत ना, रकाने भरलेत ना, हे बघून जायचा. ती सही करताना बाईने मान कुणाकडे वळवली हे रजिस्टरमध्ये कुठे दिसणार?

२०२१च्या दुरुस्तीने काही प्रकारच्या स्त्रियांसाठी मुदत २४ आठवड्यांपर्यंत नेली. पुढच्या वर्षी, २९ सप्टेंबर २०२२ला, सुप्रीम कोर्टाने अविवाहित मुलींनाही त्यात धरलं आणि निर्णय बाईचा आहे असं ठणकावून सांगितलं. बरं. निर्णय तिचा आहे ना? मग तिला एकटीला बसवून तो विचारण्याचं काम कुणाचं आहे, हे मला आपण सांगा. एचआयव्हीची साधी रक्ततपासणी करायची तरी आधी समुपदेशक वेगळ्या खोलीत बसवून बोलतो. इथे मात्र ते काम माझ्यासारखीवर, एका हातात केस पेपर आणि दुसऱ्या हातात ट्रे असताना, आणि बाहेर मॅडम थांबलेल्या असताना.

आता एक गोष्ट सांगते, ती मी आजवर कुणाला सांगितलेली नाही. म्हैसाळ झालं त्याच महिन्यात सदाशिव पेठेत राहून स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणारी, मराठवाड्यातली एक मुलगी आमच्याकडे आली. पंचवीस आठवडे उलटून गेलेले. तेव्हा मर्यादा वीसची होती, मॅडमनी हात वर केले. ती जिन्यात बसून राहिली. माझी ड्युटी संपली तरी तिथेच. मी विचारलं, “जेवलीस का?” तर म्हणाली, “सिस्टर, मुळा-मुठेत पाणी किती असतं हो?”

मी तिला घरी घेऊन आले. शेजाऱ्यांना सांगितलं, चुलतभावाची सून आहे, माहेरी कुणी नाही म्हणून बाळंतपणाला माझ्याकडे आलीय. तीन महिने ती माझ्याकडे राहिली. गल्लीतल्या बायांनी मायेने तिला चिंचा, बोरं आणून दिली आणि ती घेताना तिला काय होत होतं ते मला दिसत होतं. पुस्तकं तिने सोडली नाहीत. पोटावर उशी, उशीवर पुस्तक. जूनच्या शेवटी ससूनला बाळंत झाली. पुढचं सगळं मला तिच्याबरोबर हिंडूनच कळलं, नर्स असून मला त्यातलं काही माहीत नव्हतं. आईला बाळ सांभाळणं शक्य नसेल तर बाल कल्याण समितीसमोर ते कायदेशीर सोपवता येतं. तो गुन्हा नाही. तिचं नाव बाहेर येत नाही. आणि सोपवल्यावरही दोन महिने तिला फेरविचार करायला मिळतात, तोवर बाळ दत्तक जात नाही. ससूनच्या आवारातच सोफोश या संस्थेचं ‘श्रीवत्स’ आहे, तिथे अशी बाळं वाढतात. मी सोळा वर्षं तिथून चालत दहा-पंधरा मिनिटांच्या अंतरावर नोकरी केली आणि एकाही बाईला सांगितलं नाही की असंही असतं.

ती गावी परत गेली. त्या दोन महिन्यांत आठवड्यातून एकदा तरी तिचा फोन यायचा. बाळाचं नाव काढायची नाही. विचारायची, “मावशी, पाऊस आहे का तिकडे?” मला बाळाचं काही कळायचं नाही, कळू देतही नाहीत आणि ते योग्यच आहे. मी पावसाचं सांगायचे. आज जोरात आहे. आज उघडीप आहे. साठावा दिवस होऊन गेल्यावर एकदा आला, मग नाही आला.

तिने ठेवलं ते चांगलं झालं का, हे तीच सांगू शकेल. तिचं दुःख मी जवळून पाहिलं आहे, मी ते हलकं करून सांगणार नाही. पण कुठेतरी एक आठ वर्षांचं मूल शाळेत जात असेल आणि त्याची आई नदीत गेली नाही, एवढं मला माहीत आहे.

साहेब, ही वाट पुण्याला नवी नाही. १८६३ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी गंज पेठेत बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. दिवस गेलेल्या विधवांनी गुपचूप यावं, बाळंत व्हावं, बाळ न्यावं नाहीतर ठेवून जावं, नाव कुणी विचारणार नाही. गावभर त्याच्या जाहिराती लावल्या होत्या. त्या काळी, त्या पुण्यात! सावित्रीबाई स्वतः त्या बायांचं बघायच्या. काशीबाई नावाच्या एका विधवेचा मुलगा त्यांनी १८७४ साली दत्तक घेतला. तोच यशवंत पुढे डॉक्टर झाला आणि १८९७च्या प्लेगमध्ये आईबरोबर रोग्यांची सेवा करत होता. आम्हा नर्सांच्या कार्यक्रमांत सावित्रीबाईंचा फोटो असतो, हार असतो. मी कितीदा तो हार घातलाय. पण त्यांनी भिंतींवर लावलेली ती जाहिरात आमच्या भिंतीवर का नाही, हा प्रश्न मला कधी पडला नाही.

म्हणून मागते ते थोडं आहे. लिंगनिदानाच्या पाटीशेजारी प्रत्येक गर्भपात केंद्रात दुसरी एक पाटी सक्तीची करा. मूल जन्माला घालून कायदेशीर सोपवता येतं, नाव गुप्त राहतं, बाल कल्याण समितीचा पत्ता आणि फोन हा, असं मोठ्या अक्षरात, मराठीत. हा विषय महिला व बालविकासकडे येतो म्हणून फाइल इकडून तिकडे जाईल हे मला ठाऊक आहे. त्यांचं आयुक्तालय आमच्या पुण्यातच आहे. दोन खात्यांनी एकदा एकत्र बसावं.

आणि सहीच्या आधी प्रत्येक बाईला दहा मिनिटं एकटीला बसवणं नियमात आणा. नवरा बाहेर, सासू बाहेर, आणलेला मुलगा बाहेर. समोर अशी बाई हवी जिचा पगार त्या दवाखान्यातून येत नाही. तिने उपदेश करायचा नाही, भीती घालायची नाही. माझ्यासारखी मतं असलेली असेल तर ती मतं दाराबाहेर ठेवून यायचं. दिवस लांबवायचे नाहीत, बाईला परत पाठवायचं नाही. तुझ्या मनात काय आहे, घरी मारतात का, ठेवायचं असेल तर काय मदत लागेल, नको असेल तर पुढच्या वेळेसाठी काय साधन वापरशील, एवढं विचारायचं आणि गप्प बसून ऐकायचं. ऐकल्यावर ती ‘हो, करायचंय’ म्हणाली तर तिचा हात धरणारी नर्स कायद्याने तिथे असेलच.

पैसे नाहीत, जागा नाही, छोट्या दवाखान्यांना परवडणार नाही असं आपल्याला सांगितलं जाईल. आमच्याकडे अशी खोली होती. ओटीच्या डाव्या हाताला, एक खिडकी, आतून कडी लागायची. सलाईनच्या बाटल्यांचे खोके ठेवायचो आम्ही तिच्यात. दोन खुर्च्या मावतील एवढी जागा खोके न हलवताही होती.

आपली,
एक परिचारिका,
धनकवडी, पुणे